परीटच लिही

पोरी, अनेक आशीर्वाद.

वही मिळाली. रंकाळा तळ्यावरच्या पक्ष्यांची यादी झकास केलीस. पण ‘परीट’ लिहून खोडलंस आणि वर ‘व्हाइट-ब्राउड वॅगटेल’ घातलंस, ते पाहून जीव जळला. पोरं ‘तुमच्या घरचाच पक्षी’ म्हणून हसली, बाई म्हणाल्या जातिवाचक वाटतं, टाळ. म्हणून खोडायचं? परीटच लिही.

त्याच पानावर ब्राह्मणी मैना आहे. ती बाईंना खटकली? कोतवालाला कुणी हसलं? नावात जात आहे म्हणून कुणाचं पोट दुखत नाही गं. ती धुणं धुणाऱ्याची आहे म्हणून दुखतं.

आणि पक्षी कसला गुणी! बाकीचे धोबी पक्षी थंडीपुरते पाहुणे, उन्हं तापली की उत्तरेला पळतात. हा बारमाही इथलाच. पाण्याकाठी भिंतीच्या भोकात नाहीतर पुलाखाली घरटं करतो. मार्च लागला की भल्या पहाटे पंचगंगेच्या घाटावर जा. काळी पाठ, काळा गळा, डोळ्यावर पांढरी ठसठशीत भुवई. दगडावर बसून शेपूट वरखाली आपटत असतो. मग गळा मोकळा करतो. लांबलचक, स्वच्छ शीळ, मध्येच पलटे. दयाळ पक्षीच गातोय असं वाटेल. असल्या गवयाला आपलं नाव मिळालंय, आणि तू ते खोडतेस?

माझ्या आईचे हात सोड्यानं कायम उललेले असायचे. तिच्या माघारी थोरल्या भावानं आडनाव बदललं. नोकरीत बरं पडतं म्हणाला. त्याला पडलंही असेल. मलाही साहेबांनी तेच सुचवलं होतं. मी ऐकलं नाही, बढती लांबली, घरचे अजून हेकट म्हणतात. म्हणू देत. आईच्या हातांची लाज मी धरणार नव्हते, आजही धरत नाही. भावाची नातवंडं मात्र आमचा धंदा कुठला होता हे मलाच विचारतात, तेव्हा आत तुटतं.

गाडगेबाबा परिटाच्याच घरात जन्मले. शाहू महाराजांनी १९०२ साली मागासांना सरकारी नोकरीत निम्म्या जागा दिल्या, दलित असलेल्या गंगाराम कांबळेंच्या हॉटेलात चारचौघांत चहा घेतला, ते याच कोल्हापुरात. इथं राहून पक्ष्याच्या नावाला भ्यायचं?

इंग्रजी नाव लिही, शास्त्रीय लिही, माझी ना नाही. पण आधी परीट. आणि तो पोरगा परत हसला तर मान खाली घालू नकोस. ब्राह्मणी मैनेला का हसला नाहीस, एवढंच विचार त्याला.

तुझी,
आक्का