अमेरिकेतल्या कॅरोल हचिन्ससारखं एकाच कॉलेजात ३८ वर्षं सॉफ्टबॉल शिकवणं आपल्याकडे शक्य आहे का? त्यासाठी काय करावं लागतं?

शक्य आहे. मी ३२ वर्षं काढली, १९९१ ते २०२३, विदर्भातल्या एका तालुक्याच्या गावी. पण तुम्ही 'सॉफ्टबॉल प्रशिक्षकाची नोकरी' म्हणता ना, तशी जागाच आपल्या अनुदानित कॉलेजात नसते. जागा असते शारीरिक शिक्षण संचालकाची, आणि तीही एकच. त्या एका माणसाने कबड्डी, खो-खो, व्हॉलीबॉल, ॲथलेटिक्स, १५ ऑगस्टचं संचलन असं सगळं बघायचं. सॉफ्टबॉल हा त्यातला आपला हट्ट. हट्ट धरता येत नसेल तर या वाटेला येऊ नका. एम.पी.एड., नेट-सेट वगैरे तुम्हाला ठाऊक असेलच, ते सांगत बसत नाही.

हचिन्सबाईंचं नाव निघालं की लोक १७०७ विजयांचा आकडा सांगतात. मला त्यांच्या कारकिर्दीतली दुसरीच गोष्ट मोठी वाटते. मिशिगन विद्यापीठाचा संघ त्यांच्याकडे आला १९८५ मध्ये. राष्ट्रीय स्पर्धेच्या शेवटच्या आठ संघांत त्या पहिल्यांदा पोचल्या १९९५ मध्ये. आणि अजिंक्यपद मिळालं २००५ मध्ये, यूसीएलएविरुद्ध, तिसऱ्या सामन्याच्या दहाव्या इनिंगमध्ये, पहिल्या वर्षाला असलेल्या मुलीच्या होमरनवर. म्हणजे २० वर्षं. एवढा वेळ त्यांना कुणीतरी दिला. दुसरं म्हणजे, १९७९ मध्ये त्या मिशिगन स्टेटला बास्केटबॉल खेळत असताना, मुलींच्या संघाला मुलांसारखी वागणूक मिळत नाही म्हणून आपल्याच विद्यापीठाविरुद्ध कोर्टात गेल्या होत्या. खटल्यावर त्यांचंच नाव आहे. अशा 'भांडखोर' मुलीला त्याच राज्यातल्या दुसऱ्या विद्यापीठाने संघ दिला आणि ३८ वर्षं ठेवून घेतलं. आपल्याकडे काय होतं ते मी भोगलंय, म्हणून हे उत्तर लिहिते आहे.

२००७ ची गोष्ट. त्या वर्षी विद्यापीठाच्या मुलींच्या संघाची निवड आणि प्रशिक्षण माझ्याकडे होतं. आंतरमहाविद्यालयीन स्पर्धा झाल्या, ट्रायल्स झाल्या, गुणपत्रक तयार झालं. संघ १६ जणींचा. सोळाव्या नंबरवर एक मुलगी होती, राखीव कॅचर. हात चपळ, बॅटिंग कच्ची. रोज एसटीने २२ किलोमीटर यायची, सकाळची पहिली गाडी धरून. सतरावी आणि तिच्यात चार गुणांचा फरक होता.

यादी द्यायच्या आदल्या संध्याकाळी मला बोलावणं आलं. संस्थेतल्या एका वजनदार माणसाची पुतणी होती, तिचं नाव घालायचं. ती ट्रायलला आलीच नव्हती. मिट, म्हणजे चेंडू झेलायचा हातमोजा, कुठल्या हातात घालतात हेही तिला माहीत नसावं. कारण उघड होतं. विद्यापीठाकडून खेळली की कलर होल्डर, म्हणजे विद्यापीठाची खेळाडू असा शिक्का, आणि संघाला पदक मिळालं तर सरकारी नोकरीतल्या ५ टक्के खेळाडू आरक्षणाची वाट मोकळी. "सोळावी काय, ती बाकावरच बसणार आहे," असं मला समजावलं गेलं. चहा दिला, आवाज चढवला नाही, घरची चौकशी केली.

मी नाही म्हणाले. यादी होती तशी गेली.

संघ दुसऱ्या फेरीत हरला. पदक नाही. सोळावी एकही चेंडू खेळली नाही, बाकावर बसून दोन्ही सामन्यांचं स्कोअरशीट तेवढं तिने लिहिलं. पुढे तिचं लग्न झालं, नोकरी तिला लागली नाही. हे मुद्दाम सांगते, कारण ही गोष्ट ऐकणारे शेवटी ती मुलगी फौजदार झाली असं ऐकायला बसलेले असतात. ती नाही झाली.

मला मात्र फळ मिळालं. त्याच उन्हाळ्यापासून कॉलेजचं मैदान लग्नांना भाड्याने जाऊ लागलं. मंडपाच्या खांबांचे खड्डे कुणी बुजवायचं नाही. पहिल्याच पावसाळ्यात एक मुलगी घसरत दुसऱ्या बेसवर आली आणि मातीतल्या खिळ्याने तिची मांडी फाटली. सात टाके. त्या दिवशी मी तिथला सराव बंद केला. गावातल्या एका जिनिंगवाल्याने आवार वापरू दिलं, दिवाळीआधी कापूस येईपर्यंत ते रिकामंच असतं. पण ते सगळं काँक्रीट. फक्की पावसाने वाहून जायची, म्हणून खडूने डायमंड, म्हणजे चार बेसचा चौकोन, आखायचो. बाजू ६० फुटांच्या, आणि कर्ण ८४ फूट १० इंच भरला की समजायचं चौकोन बरोबर आला. पिचिंगचं, म्हणजे चेंडू टाकायचं, अंतर ४३ फूट, तिथे एक वीट ठेवायची. सहा हंगाम असे काढले. काँक्रीटवर ग्राउंड बॉल इतक्या जोरात उसळतो की फिल्डिंग सुधारली, हे खरं. पण काँक्रीटवर घसरायला कसं शिकवणार?

त्याची किंमत तिसऱ्या वर्षी मोजली. आंतरमहाविद्यालयीनची फायनल, सातवी म्हणजे शेवटची इनिंग, एका धावेने मागे. आमची सगळ्यात वेगवान मुलगी पहिल्या बेसवरून दुसरा बेस चोरायला निघाली. वेळेत पोचली होती. पण घसरली नाही, उभीच आली, आणि टॅग झाली, म्हणजे चेंडू अंगाला लावून बाद. सामना तिथेच संपला.

ज्या सरांनी मला सॉफ्टबॉल शिकवला ते त्या दिवशी प्रेक्षकांत होते. मला म्हणाले, "ती मुलगी उभी का आली? तुझ्या तत्त्वामुळे आली. एक नाव टाकलं असतंस तर मैदान राहिलं असतं. काही वर्षांत शंभर मुली नीट खेळल्या असत्या. शंभर मुली मोठ्या की एक सोळावी?"

सर आज ८० च्या पुढे आहेत, आणि भेटले की अजून हेच विचारतात. त्या दिवशी मला उत्तर सुचलं नव्हतं. इथे लिहिते.

सर, ज्या मैदानासाठी एक नाव द्यावं लागतं, ते मैदान दर वर्षी एक नाव मागतं. दुसरी गोष्ट, अशाच नावांमुळे 'सॉफ्टबॉलचं प्रमाणपत्र' म्हटलं की लोक तोंड वाकडं करतात. माझी एक पिचर, तीन वर्षं विद्यापीठाकडून खेळलेली, मुलाखतीला गेली. तिला पहिला प्रश्न काय विचारला, तर पिचर आणि होम प्लेटमध्ये अंतर किती. तिने ४३ फूट सांगितलं, मग विंडमिल, म्हणजे हात पूर्ण गोल फिरवून चेंडू टाकायची क्रिया, करून दाखवायला लावलं. खुर्च्या बाजूला सारून तिने ते करून दाखवलं. घरी येऊन रडली. तिच्यावर ही वेळ अशा घुसडलेल्या खोट्या नावांनी आणली. आणि तिसरी गोष्ट, सोळावी बाकावरच बसणार होती हे मला मान्य आहे. पण तो बाक तिने ट्रायल देऊन मिळवला होता.

तुमच्या प्रश्नाकडे येते. टिकायचं असेल तर स्वतःचं सामान हवं. मी पहिल्या पगारातून दोन मिट आणि एक स्लगर, म्हणजे बॅट, घेतला, निवृत्त होईपर्यंत कॉलेजचं सामान कमी आणि माझं जास्त अशी स्थिती होती. मुलींच्या घरी जावं लागतं. आई राजी असते, आजी नसते. प्रवासात सोबत बाई आहे हे आजीला प्रत्यक्ष दिसलं पाहिजे. स्कोअरबुक जपा. कोण खरंच खेळलं याचा कागदावरचा पुरावा तेवढाच असतो. माझ्याकडे ३२ वर्षांची आहेत. दोनदा प्रमाणपत्रांच्या पडताळणीच्या वेळी मुलींच्या कामी आली.

अमेरिकेशी मात्र तुलना करू नका. तिथे १९७२ च्या कायद्याने मुलींच्या खेळाला मुलांच्या बरोबरीने द्यावं लागतं, हचिन्सबाईंची पिढी त्याच कायद्यावर उभी राहिली. प्रशिक्षकाला एकच खेळ आणि सोबत सहायक. त्यांच्या जागी आलेल्या बॉनी थॉल याही त्यांच्याच सहायक होत्या. माझ्या जागी तीन वर्षांत कुणी आलेलं नाही.

एक गोष्ट आधीच सांगायला हवी होती. मी नाही म्हणू शकले, कारण माझी नोकरी कायम होती. मैदान काढून घेता आलं, पगार नाही. आज बहुतेक पोरं तासिका तत्त्वावर लागतात, जूनमध्ये ठेवतील की नाही तेही माहीत नसतं. तुम्ही तसे असाल आणि तुम्हाला चहाला बोलावलं गेलं, तर माझ्यासारखंच वागा असं मी या खुर्चीत बसून सांगणार नाही. तत्त्व माझं होतं, किंमत मुलींनी मोजली; सरांच्या बोलण्यातला हा भाग मला अजून खोडता आलेला नाही.

कुठे मुलाखतीला गेलात तर आत जायच्या आधी मैदानावर एक चक्कर मारा. मंडपाचे खड्डे दिसले, तर त्याच गावात मातीची दुसरी जागा आहे का ते विचारून ठेवा. आवार मोठं मिळेल, पण काँक्रीटचं घेऊ नका.