जॉय डिव्हिजन या इंग्लिश बँडसारखा बेस गिटार वाजवायला कोणतं पेडल (आवाज बदलणारी, पायाने चालवायची डबी) घ्यावं? आणि न्यू ऑर्डर हा बँड म्हणजे तेच लोक का?

पेडल राहू द्या, आधी डावा हात वर, उंच स्वरांकडे सरकवा. 'बेसवाल्याने खाली मूळ स्वर धरून गप्प उभं राहायचं' असं शिकवणाऱ्यांनी जॉय डिव्हिजनचा बेसवाला पीटर हूक नीट ऐकलेलाच नाही.

4 जून 1976 ला मँचेस्टरमध्ये सेक्स पिस्टल्स हा पंक बँड वाजला. दुसऱ्या दिवशी आईकडून उसने पैसे घेऊन हूकने बेस आणला. अँप्लिफायर रद्दी, शेजारी बर्नार्ड समनरची गिटार कर्कश. खालचे स्वर त्या गोंगाटात बुडायचे, वरचे तेवढे स्वतःला ऐकू यायचे. म्हणून तो वर वाजवू लागला. गायक इअन कर्टिसला ते आवडलं, त्याने तेच धरून ठेवायला लावलं. झालं, चाल बेसकडे आली आणि गिटार तुटक-तुटक फटकाऱ्यांवर उरली.

तुम्ही डी आणि जी या तारा धरा, साधारण सातव्या ते चौदाव्या फ्रेटपर्यंत (फ्रेट म्हणजे गळ्यावरच्या आडव्या पट्ट्या). बोटांनी नाही, पिकने. गाणं डी मध्ये असेल तर डी तार मोकळी गुंजू द्या आणि चाल जी वर घ्या. इतक्या वर बेस बेसूर व्हायला वेळ लागत नाही: बाराव्या फ्रेटवर दाबलेला स्वर तिथल्याच हार्मोनिकपेक्षा (तार न दाबता, नुसती शिवून काढलेल्या स्वरापेक्षा) चढा लागला तर सॅडल, म्हणजे तारेचा खालचा टेकू, मागे घ्या. खाली पोकळी राहते म्हणून कीबोर्डवाला ती भरायला धावेल. त्याला आवरा, त्या पोकळीतच सगळी गंमत आहे.

मात्र रेकॉर्डवरचा गारवा एकट्या बँडचा नाही. 1979 चा पहिला अल्बम स्टॉकपोर्टच्या स्ट्रॉबेरी स्टुडिओत झाला. निर्माता मार्टिन हॅनेटने स्टीफन मॉरिसचे ड्रम सुटे-सुटे वाजवून घेतले, त्यावर डिजिटल डिले, म्हणजे प्रतिध्वनी देणारं यंत्र, चढवला. हूक आणि समनरला ते मुळीच रुचलं नव्हतं. स्टेजवर ते बरेच दांडगे वाजायचे. तेव्हा घरी तसंच ऐकू येत नाही म्हणून बेस विकू नका.

न्यू ऑर्डर म्हणजे हो, तेच. 18 मे 1980 ला, अमेरिका दौऱ्याच्या तोंडावर, कर्टिसने आत्महत्या केली. उरलेले तिघे नव्या नावाने उभे राहिले, पुढे जिलियन गिल्बर्ट आली.

आणि पेडल घ्यायचंच असेल तर कोरस, म्हणजे एकाच स्वराचे दोन-तीन किंचित हलते आवाज करणारं. हूकचं इलेक्ट्रो-हार्मोनिक्सचं क्लोन थिअरी, पण कुठलंही साधं अॅनालॉग चालेल. रेट (हलण्याचा वेग) कमी, डेप्थ (हलण्याचं प्रमाण) निम्म्याच्या आत. त्यापुढे गेलात की वरचे स्वर डुगडुगतात आणि लोक म्हणतात, बेस सुरात लावलाच नाही.