भांग रुंद झालाय, तो पाण्यामुळे?

प्रश्न : माझं वय ४९. दोन वर्षांपूर्वी नौपाड्यातलं घर सोडून आम्ही ऐरोलीला आलो. तेव्हापासून केस विरळ होत चाललेत. वेणीच्या टोकाला रबर पूर्वी दोन वेढ्यांत बसायचं, आता चार लागतात. टाळू कोरडी पडते, रात्री खाज सुटते आणि हनुवटीवर मात्र दोन-तीन जाड केस उगवलेत. सासूबाई म्हणतात, इथलं पाणी बाधलं. पाळी दोन-दोन महिने येत नाही, आली की आठ-नऊ दिवस खूप अंगावरून जातं. केमिस्टने दिलेलं बायोटिन, म्हणजे केसांसाठीचं जीवनसत्त्व, चार महिने घेतेय. पाळी एकदाची गेली की केस परत येतील का?
– एक वाचक, ऐरोली

उत्तर : ताई, तुमचं रबराचं वाक्य मी दोनदा वाचलं. ठाण्यातल्या माझ्या दवाखान्यात बायका कागदात गुंडाळून गळलेले केस आणतात, पण वेणीची जाडी क्वचितच कोणी सांगते. माझ्या सत्तेचाळिसाव्या वर्षी भाचीच्या हळदीत कोणीतरी गॅलरीतून फोटो काढला आणि माझा भांग मला पहिल्यांदा वरून दिसला. त्वचारोगांची डॉक्टर असूनही त्या रात्री मला झोप लागली नव्हती.

पाण्याचं आधी संपवते. क्षारांचं पाणी केस राठ करतं, पण केसाचं मूळ कातडीच्या आत असतं, तिथे ते पोचत नाही. घर बदललं आणि पाळी बिघडली, ते एकाच सुमाराला झालं इतकंच.

केस दोन ते सहा वर्षं वाढतो, मग तीनेक महिने मूळ विसावतं आणि तो गळतो. इस्ट्रोजेन हे बायकांचं संप्रेरक वाढीचा हा काळ लांबवतं. पाळी जायच्या सुमाराला ते उतरतं आणि अंगातली पुरुषी संप्रेरकं त्या मानाने वरचढ होतात. घराण्यात विरळ केसांचा कल असेल, तर मूळ दर फेरीला आक्रसतं आणि जाड केसाच्या जागी बारीक केस येतो. म्हणून न्हाणीघरात फार केस दिसले नाहीत तरी वेणी बारीक होते. हनुवटीवर तीच संप्रेरकं उलट वागतात, तिथली लव जाड करतात. या वयात टाळूचं तेलही कमी होतं, त्यामुळे कोरडेपणा. खाज मात्र कोंड्याची, सोरायसिसची किंवा केसांच्या रंगाचीही असू शकते, ती दाखवून घ्या.

मला खरी काळजी तुमच्या त्या आठ-नऊ दिवसांची आहे. इतकं रक्त गेलं की शरीरातला लोहाचा साठा रिकामा होतो आणि त्यानेही केस गळतात. हिमोग्लोबिन ठीक असलं तरी फेरिटिन, म्हणजे लोहाचा साठा दाखवणारी तपासणी, तळाला गेलेलं असू शकतं, आणि बायका थकव्याला वय म्हणून सोडून देतात. फेरिटिन आणि थायरॉइड दोन्ही तपासा. त्याआधी दोन-तीन दिवस बायोटिन बंद ठेवा, त्याने थायरॉइडचा रिपोर्ट चुकू शकतो. खरं तर पुन्हा सुरूच करू नका. शरीरात त्याची कमतरता नसेल तर केसांना त्याचा उपयोग होत नाही. आणि स्त्रीरोगतज्ज्ञांकडे याच आठवड्यात जा. या वयात असं व्हायचंच, असं म्हणून रक्तस्राव अंगावर काढू नका.

पाळी गेली की केस आपोआप परत येत नाहीत, हे मला स्पष्ट सांगायला हवं. लोह किंवा थायरॉइडमुळे गळलेले केस उपचारांनी येतात. आक्रसलेल्या मुळांसाठी मिनॉक्सिडिल हे लावायचं औषध आहे, डॉक्टरांना दाखवून सुरू करावं. ते कोरड्या टाळूवर लावायचं, केसांवर नाही, आणि नंतर हात धुवायचे. पहिल्या काही आठवड्यांत गळती वाढते, तिथेच बऱ्याच जणी बाटली टाकून देतात. फरक दिसायला चार ते सहा महिने लागतात, आणि थांबवलं तर मिळवलेले केस हळूहळू जातात. नुसत्या केसांसाठी हॉर्मोनच्या गोळ्या कोणी देत नाही.

आता आरशासमोर कपाळ नीट बघा. केसांची रेषा मागे सरकलीय का? भुवया विरळ झाल्यात? कडेच्या केसांच्या बुडाशी लाली आहे? ऑस्ट्रेलियातले त्वचारोगतज्ज्ञ स्टीव्हन कोसार्ड यांनी १९९४ मध्ये पाळी गेलेल्या बायकांमधला असा आजार नोंदवला. त्यात मुळांच्या जागी व्रण होतो आणि तिथे पुन्हा केस उगवत नाही, म्हणून असं काही दिसलं तर वाट बघू नका.

हनुवटीचे केस धाग्याने काढा, त्याने ते वाढत नाहीत. पण आवाज घोगरा झाला किंवा असे केस झपाट्याने वाढले, तर लगेच डॉक्टरांना सांगा. वेणी सैल घाला. आणि दर महिन्याच्या एक तारखेला त्याच खिडकीपाशी, त्याच उजेडात भांगाचा फोटो काढून ठेवा. सहा महिन्यांनी तो आणि रिपोर्ट घेऊन तुमच्या डॉक्टरांना दाखवा, आणि रबराला किती वेढे लागतात ते मला पुन्हा कळवा.