मूळ दावा काढून टाकला, मग प्रतिदाव्याचे काय?

प्रश्न : सोलापुरात अक्कलकोट रस्त्यालगत आमच्या वडिलांची यंत्रमागाची शेड असून त्यांच्या पश्चात आम्ही दोघे भाऊच वारस आहोत. थोरल्या भावाने माझ्याविरुद्ध कायम मनाईचा दावा लावून निशाणी ५ च्या (म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या) अर्जावर मला शेडमध्ये जाण्यास तूर्तातूर्त मनाई मिळवली. मी कैफियतीसोबत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरासोबत) वाटपाचा प्रतिदावा, म्हणजे त्याच दाव्यात भावाविरुद्ध माझी स्वतःची मागणी, कोर्ट फी भरून दाखल केला व मोजणीसाठी कोर्ट कमिशनर नेमावा असा अर्जही दिला. गेल्या तारखेस मी हजर होतो, पण भाऊ व त्यांचे वकील आले नाहीत, म्हणून दावा काढून टाकण्यात आला. आता सगळेच संपले, असे नातेवाईक म्हणतात. ते खरे आहे का?
— एक वाचक, सोलापूर

उत्तर : नाही, आणि तसे मानून आपण स्वस्थ बसलात तर नुकसान आपलेच होईल. दाव्यातील प्रत्येक अर्ज कशाच्या आधारावर उभा आहे, हे पाहावे लागते. तूर्तातूर्त मनाई ही दाव्याचा निकाल होईपर्यंतची सोय असल्यामुळे दावा काढून टाकला गेला की तीही संपते. त्यासाठी वेगळा हुकूम लागत नाही. मात्र मनाई अमलात असताना तिचा भंग झाला असल्यास तो त्यामुळे पुसला जात नाही. आपल्याकडून तसे काही घडले असेल तर वकिलांना आधीच सांगा.

प्रतिदाव्याचे तसे नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ८, नियम ६ए प्रमाणे प्रतिदावा हा वादपत्रासारखाच (वादीच्या मूळ दाव्याच्या अर्जासारखाच) मानला जातो, आणि नियम ६डी स्पष्ट सांगतो की मूळ दावा स्थगित झाला, सोडून दिला गेला किंवा काढून टाकला गेला तरी प्रतिदावा पुढे चालवता येतो. म्हणजे वाटपाच्या मागणीपुरते आता आपणच वादीच्या जागी आहात.

अडचण येते ती व्यवहारात. दावा निघाल्याची नोंद झाली की संपूर्ण फाईल निकाली समजून अभिलेख कक्षात जाण्याचा आणि प्रतिदाव्याला पुढची तारीखच न पडण्याचा धोका असतो. म्हणून रोजनाम्याची (प्रत्येक तारखेच्या कामकाजाच्या नोंदीची) व हुकुमाची प्रमाणित नक्कल तातडीने काढा; त्यात प्रतिदाव्याचा उल्लेख नसेल तर तो चालू ठेवून सुनावणीस ठेवावा, असा लेखी अर्ज वकिलांमार्फत द्या. कमिशनरचा अर्जही प्रतिदाव्यात नव्याने द्यावा, म्हणजे तो जुन्या दाव्याबरोबर निकाली निघाला की नाही हा वाद उरणार नाही.

भाऊ स्वस्थ बसतील असे धरू नका. गैरहजेरीचे पुरेसे कारण दाखवून ते दावा पुन्हा फाईलवर घेण्याचा अर्ज करू शकतात; त्याची मुदत दावा काढल्याच्या तारखेपासून ३० दिवस आहे आणि आपणास नोटीस दिल्याशिवाय तो मंजूर करता येत नाही. त्या नोटिशीला हजर राहणे अत्यंत आवश्यक आहे, कारण दावा पुनर्स्थापित झाला की त्यातील अंतरिम हुकूमही (येथे तूर्तातूर्त मनाई), न्यायालयाने वेगळे म्हटले नसेल तर, पुन्हा जिवंत होतात, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये बहुमताने ठरवले आहे. (निकालापूर्वीची जप्ती मात्र अशी आपोआप परत येत नाही.) तेव्हा दावा परत घेतला जाणार असेल, तर मनाई पुनरुज्जीवित होणार नाही असे हुकुमात स्पष्ट लिहावे, अशी मागणी त्याच सुनावणीत करा.