दोन एकर विकू का? आधी ते पाकीट उघडा

गडचिरोलीतल्या वडसा-देसाईगंजजवळच्या एका गावातून एका वडिलांचं पत्र आलंय. घरी चार एकर धान. दिवाळीनंतर झाडीपट्टीच्या नाटकांचा हंगाम सुरू झाला की पडदे रंगवण्याचं काम. मुलगा चार वर्षांपासून मुंबईत, सिनेमाच्या आर्ट डिपार्टमेंटमध्ये असिस्टंट. महिन्याला 35 हजार, पण काम वर्षातून सातेक महिनेच, शिवाय 'पेमेंट 10 टक्के कापून येते'. त्याला प्रॉडक्शन डिझायनर (सिनेमाचं सगळं दृश्यरूप ठरवणारा) व्हायचंय आणि त्यासाठी एका खासगी संस्थेचा 9 लाखांचा कोर्स करायचाय. "दोन एकर विकू का?" हा प्रश्न. मग जाता जाता एक ओळ: "6 लाखांची एफडी संपली, ती बँकेतल्या साहेबांनी नव्या स्कीममध्ये टाकली. पाच वर्षांत डबल. कागद मागच्या आठवड्यात पोस्टानं आले."

भाऊ, जमीन कुठं पळून जात नाही. पोस्टानं आलेल्या त्या पाकिटातले कागद आधी नीट वाचा. मला पाठवलेल्या फोटोत साफ दिसतंय की ही एफडी नाही, विमा पॉलिसी आहे. वर्षाला 1.2 लाख, 12 वर्षं भरायचे, पैसे विसाव्या वर्षी. तुमचे 6 लाख एकदम गुंतलेले नाहीत. एक हप्ता गेलाय, बाकीचे 4.8 लाख बचत खात्यात पुढच्या चार हप्त्यांची वाट बघत पडलेत. पाच वर्षांनी हे संपतील, तेव्हा डबल सोडा, आणखी सात हप्ते उभे राहतील. म्हणजे 8.4 लाख. कुठून आणणार? उरलेल्या दोन एकरांतून?

पाच वर्षांत डबल म्हणजे 72 भागिले 5, वर्षाला 14 टक्क्यांच्या वर. एवढी खात्री कोणतीही विमा कंपनी लिहून देत नाही, म्हणूनच ते तोंडी सांगितलं जातं. कागदावर 14.4 लाख भरून शेवटी अंदाजे 24 लाख दाखवलेत. हिशेब केला तर साडेतीन टक्के. हेच हप्ते पीपीएफमध्ये आजच्या 7.1 टक्क्यांनी वीस वर्षांत 40 लाखांच्या आसपास जातात. विमा म्हणाल तर 12 लाखांचा, तोही तुमचा. मुलाच्या नावावर काहीच नाही.

पॉलिसीचे कागद हातात पडल्यापासून 30 दिवसांत ती परत करता येते. स्टॅम्प ड्युटी, तपासणीचा खर्च असं किरकोळ कापून पैसे मिळतात. अर्ज लेखी द्या, पोच घ्या. मी हे उत्तर प्रसिद्ध होण्याची वाट न बघता तुम्हाला कळवलंय. साहेब 'एक वर्ष बघा तरी' म्हणतील. एक वर्षानंतर ही सोय नसते.

आता मुलाकडे. आयकराच्या नियमांत 'चित्रपट कलाकार' म्हणजे फक्त हिरो नव्हे, आर्ट डायरेक्टर आणि त्याचा असिस्टंटही. म्हणून टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापला जाणारा कर, 10 टक्के. वर्षाचे 2.45 लाख, त्यातले साडेचोवीस हजार कापले जातात. अशा व्यावसायिकाला निम्मी मिळकत खर्च धरून रिटर्न भरता येतं, म्हणजे त्याचा कर शून्य. रिटर्नच भरलं नाही तर रिफंड कुठून येणार? त्याला आजच 26एएस, म्हणजे त्याच्या नावावर जमा झालेल्या कराचा आयकर खात्याकडचा उतारा, बघायला सांगा. कापलेला टॅक्स निर्मात्यानं भरलाय का, हेही तिथंच कळेल. जुन्या वर्षांसाठी विलंब माफीचा अर्ज असतो, एखाद्या सीएकडून करून घ्या. चार वर्षांचे 70-80 हजार सहज निघतील.

राहिला कोर्स. मी तरी पैसे देणार नाही. चार वर्षं सेट उभे करून मोडताना पाहिलेल्या पोराला वर्गात बसून 'सेट म्हणजे काय' हे शिकायला 9 लाख कशाला? ड्रॉइंगची सॉफ्टवेअर कच्ची असतील तर ती थोड्या पैशांत शिकता येतात. शिकायचंच असेल तर पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये याच विषयाचा अभ्यासक्रम आहे, प्रवेश परीक्षा देऊन बघू दे. असिस्टंटचा आर्ट डायरेक्टर आणि पुढं डिझायनर होतो तो दिग्दर्शकाचा विश्वास बसल्यावर. आणि नाव झालं तरी पैसे पिक्चरगणिक, हप्त्यांत, उशिरा. चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेल्या कला दिग्दर्शक नितीन देसाईंच्या कर्जतच्या स्टुडिओवर 2023 मध्ये अडीचशे कोटींचं कर्ज थकलेलं होतं. हलत्या कमाईवर ठरलेले हप्ते लादू नयेत, तुमच्यावरही आणि त्याच्यावरही.

जमीन विकू नका. पॉलिसीचे पैसे परत आले की 6 लाखांतले 2 लाख मुलाच्या बिनकामाच्या पाच महिन्यांसाठी साध्या एफडीत ठेवा, आणि त्याचा आरोग्य विमा काढा. बाकीचं पुढच्या पत्रात लिहा. पण पाकीट कोणत्या तारखेला आलं, ते आधी पाकिटावरच लिहून ठेवा.