‘परंगोले’ म्हणजे झगा नव्हे

प्रश्न असा आहे: ब्राझीलचे कलाकार एलिओ ओइचिसिका (१९३७–१९८०) यांच्या ‘परंगोले’ या अंगावर घेऊन नाचायच्या कलाकृतींना कुणी ‘झगा’ म्हणतं, कुणी ‘वस्त्रशिल्प’. मराठीत काय लिहावं, आणि कसं?

आधी उच्चार. ‘पॅरँगोल’ ही इंग्रजीवरून आलेली चूक. मूळ शब्दात ‘रं’ अनुनासिक आहे, आपल्या ‘रंग’मधल्या रं-सारखाच, आणि जोर शेवटच्या ‘ले’वर. म्हणून ‘परंगोले’. आडनावात गोव्याच्या सवयीने ‘ति’ म्हणाल, पण रिओत इकारापुढचा त च-कडे झुकतो. नावाच्या रोमन लेखनातला (Hélio) H मात्र दोन्हीकडे गायब.

अडचण होते ती व्याकरणात. शेवटचा एकार पाहून वाचक त्याला अनेकवचन समजतो आणि मनानेच ‘परंगोला’ तयार करतो. त्यामुळे पोर्तुगीजप्रमाणे पुल्लिंगी ठेवावा: हा परंगोले, दोन परंगोले. विभक्तीत ‘कॅफे’सारखा चालवावा: परंगोलेत, परंगोलेचा. ‘परंगोल्यात’ नको.

आता अर्थ. रिओच्या बोलीत हा शब्द गडबड, गलका, पोकळ बाता अशा अर्थांनी फिरतो. ओइचिसिकांना तो रस्त्यावरच्या एका कामचलाऊ आडोशावर लिहिलेला दिसला. १९६४पासून त्यांनी या नावाने जे केलं त्यात नुसते झगे नव्हते, झेंडा आणि तंबूही होते. क्रमांकातच ते दिसतं: १९६७चा ‘पी १५’ हा ‘कापा ११’ आहे, म्हणजे परंगोले पंधरावा, पण त्यातला झगा अकरावा. दोन्ही आकडे द्यावेत; एकच दिला की नोंदींचा घोळ होतो.

याच कापाचं नाव ‘इन्कॉर्पोरो अ रेव्हॉल्ता’. ‘मी विद्रोहाचा समावेश करतो’ हे भाषांतर सरकारी परिपत्रकात शोभेल. ब्राझीलच्या उंबांडा पंथात हेच क्रियापद अंगात येण्यासाठी वापरतात. ‘मी बंड अंगात घेतो’ म्हटलं की शब्दही जुळतो आणि कापडही, कारण ते अंगावर घेऊन नाचायचं असतं.

‘वस्त्रशिल्प’ माझ्या मते इथेच अपुरं पडतं. कापड, पोती, जाळी, प्लास्टिक यांचे थर हालचालीत उलगडतात. खुंटीवर टांगलेला परंगोले अर्धवटच. १९६५मध्ये रिओच्या आधुनिक कला संग्रहालयात ‘ओपिनियाँव ६५’ प्रदर्शन भरलं, तेव्हा मांगेइरा या रिओतल्या झोपडवस्तीच्या सांबा नर्तकांना परंगोले घालून आत येऊ दिलं नाही. ते बाहेर नाचले.

तेव्हा मूळ शब्दच ठेवावा आणि पहिल्या उल्लेखाला ‘अंगावर घेऊन नाचायची कलाकृती’ एवढं जोडावं. ‘परिधान करणे’ टाळा, ‘घालणे’ पुरे. प्रदर्शनांत घालून पाहायला बहुधा प्रतिकृती देतात. चित्राखालच्या ओळीत तसं स्पष्ट लिहा.