ओव्हनमधले रताळ्याचे फ्राईज मऊ का पडतात?

तुम्ही विचारलंय की फ्राईज कडेने करपतात आणि आतून लिबलिबीत राहतात, मग कुरकुरीत करायचे कसे? माझ्याकडे साधा ओटीजी आहे आणि आमच्याकडे एकादशीला हे होतातच, म्हणून सांगते.

बटाट्याचा अंदाज रताळ्याला लावू नका. रताळं मुळात गोड, शिवाय शिजताना त्यातल्या स्टार्चची आणखी साखर होते. त्यामुळे रंग पटकन येतो, कुरकुरीतपणा मात्र मागे राहतो. मंडईत लाल सालीची, आतून पांढरी रताळी मिळतात ती घ्या. केशरी गराची दिसतात सुंदर, पण ती जास्त ओलसर असतात.

सालं काढून साधारण 1 सेंटिमीटर जाडीचे, सगळे सारखे तुकडे करा. गार पाण्यात अर्धा तास ठेवा. पाणी दुधट होतं, ते ओतून टाका. आता खरं काम. तुकडे सुती पंचावर पसरा, दुसऱ्या पंचाने दाबून टिपा आणि पंख्याखाली वीस मिनिटं राहू द्या. उचलल्यावर बोटांना जराही ओल लागता कामा नये. घाईत बहुतेकांचं इथेच बिघडतं, माझंही कितीदा बिघडलंय.

अर्धा किलोला एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर चोळा, उपास असेल तर आरारूट. मग दीड चमचा तेल, कुठेही कोरडं पीठ दिसेनासं होईपर्यंत. मीठ आत्ता अजिबात नको, त्याने पाणी सुटतं.

ओटीजी 210 अंशांवर, वरचा-खालचा दोन्ही रॉड लावून नीट तापू द्या. ट्रेमध्ये तुकडे एकमेकांना टेकू देऊ नका, दाटी झाली की ते भाजण्याऐवजी वाफेवर शिजतात. माझ्या ट्रेमध्ये अर्ध्या किलोचे दोन घाणे होतात. पंधरा मिनिटांनी उलटा, पुढे आठ-दहा मिनिटं समोरच उभ्या राहा. कडा तांबूस झाल्या की ओव्हन बंद करून दारात लाकडी चमचा अडकवा आणि पाच मिनिटं वाफ जाऊ द्या.

मीठ, जिरेपूड, थोडं तिखट आता. तळलेल्यांइतके कडक होणार नाहीत, पण वरून कुरकुरीत, आतून मऊ नक्की होतात. आषाढीच्या सुमारास पुण्याची हवा दमट असते, तेव्हा ताटात ढीग न करता जाळीवरूनच वाढा. आणि डब्यात भरू नका, दहा मिनिटांत नरम पडतात.